पायांवरचं पिंप

म्हाताऱ्यानं खालून विचारलं आणि पिंपातल्या पोरीच्या आधी मनोरमाच "हाय" म्हणून मोकळी झाली. पुटपुटली असती तर एक वेळ खपून गेलं असतं. पण बाई म्हणाली ती चांगली खणखणीत, मागच्या भिंतीपर्यंत जाईल अशी, आणि तेही अबू धाबीतल्या त्या गारढोण हॉटेलात, जिथे लोक खोकलासुद्धा रुमालात गुंडाळून ठेवत होते. पुढच्या रांगेतला एक गोरा आजोबा वळला, हसून त्यानं हात हलवला आणि तोही "हाय" म्हणाला. त्याच्या बायकोनंही हलवला. मुग्धानं आईच्या मनगटावर हात ठेवला आणि ओठ न हलवता विचारलं, "आई, अगं काय हे?" नात अवनी तर खुर्चीत दुमडून हसत होती. मनोरमाचं लक्ष मात्र स्टेजवरून हटत नव्हतं. लाल गादीवर उताणा पडलेला निळ्या झग्यातला जपानी म्हातारा, त्याचे छताकडे केलेले दोन तळवे, तळव्यांवर तोललेलं लाकडी पिंप आणि पिंपात दडून बसलेली, कुणालाच न दिसणारी पोरगी. मनोरमाचं "हाय" ऐकून म्हाताऱ्याचे पाय थबकले होते. उत्तर आलं होतं, पण भलत्या जागेवरून. त्यानं पुन्हा विचारलं. मग पिंपातून बारीक आवाज आला, "हाय", आणि पिंप गरगर फिरायला लागलं. टाळ्या पडल्या. साठीच्या बाईला स्वतःचं तोंड आवरता येऊ नये, याचं मनोरमाला आधी नवल वाटलं आणि मग, का कोण जाणे, भीती वाटली.

पास अंकुरच्या, म्हणजे जावयाच्या, ऑफिसातून मिळाले होते. "आई, जॅपनीज अ‍ॅक्रोबॅट्सचा शो आहे, हिस्टॉरिकल टाइप. तुला आवडेल बघ," मुग्धा म्हणाली होती. मनोरमानं "बघू" म्हटलं होतं, कारण कसरतीचा विषय निघाला की ती लग्न झाल्यापासून "बघू"च म्हणत आलेली. मुग्धाला एवढंच ठाऊक होतं की आबा, म्हणजे आईचे वडील, तरुणपणी सर्कशीत "होते". हे "होते" पुण्यातल्या सासरी फार जपून वापरलं जायचं. ऐकणाऱ्याला वाटावं, तंबूच्या दाराशी तिकिटं तपासत असतील. आबा तिकिटं तपासत नव्हते. तासगावकडचा हा रांगडा गडी दिवसातून दोनदा डोळ्यांच्या कोपऱ्यांना काजळ ओढायचा, अंगात फुलाफुलांचा झगा चढवायचा आणि "मिस्टर टोको, जपान" व्हायचा. अगदीच थाप नव्हती म्हणा. त्यांच्या उस्तादाला ही विद्या खऱ्या जपान्यानं दिली होती. त्या काळी जपानी कसरतवाल्यांच्या टोळ्या विलायतेला, अमेरिकेला जायच्या, साहेबलोकांसमोर खेळ करायच्या आणि परतताना कधी मालक पळून गेला, कधी कुणी आजारी पडलं, की वाटेतल्याच एखाद्या बंदरात अडकायच्या. असाच एक अडकलेला माणूस सांगलीकडच्या सर्कशीत शिरला, आणि तिथेच म्हातारा होऊन मेला. त्याचं नाव कुणालाच धड घेता येत नव्हतं, म्हणून सगळे त्याला नुसतं जपानी मास्तर म्हणायचे. मास्तर गेला तरी पोस्टरवर जपान पाहिजेच होतं. म्हणून आबा टोको झाले आणि सात वर्षांची मनू झाली "मिस हाना". रिंगणात मराठी बोलायचं नाही, अशी मालकाची सक्त ताकीद. बोललं की जपान गेलंच. मुभा एकाच शब्दाची. पिंपात बसलेलं पोर खालच्या माणसाला दिसत नाही. ते नीट बसलंय का, हातपाय आत घेतलेत का, हे कळायला आवाजच लागतो. आबा खालून विचारायचे, "हाय?" आतून मनू म्हणायची, "हाय." मग पिंप फिरायचं, उडायचं, पुन्हा तळव्यांवर यायचं, आणि आतल्या अंधारात मनूला वाटायचं की सगळं जग फिरतंय आणि आपण तेवढ्या एका जागी आहोत.

खेळ संपला की वरून सोडलेल्या दोरीवरून सरसर खाली यायचं, आबांच्या कानाशी वाकायचं आणि सांगायचं, "उतारलो." त्यांच्याकडच्या पोरी अशाच बोलतात, पोरांसारख्या, आलो, गेलो, जेवलो. हा शब्द कानात पडेपर्यंत आबा पाय खाली घेत नसत. पिंप हलकं झालेलं त्यांना कळत नसेल असं थोडंच? पण पोरीनं स्वतःच्या तोंडानं सांगितल्याशिवाय पाय खाली घ्यायचे नाहीत, हा उस्तादाचा दंडक होता आणि आबा दंडकाला चिकटून राहणारे. एकदा कशावरून तरी मनूचं बिनसलं आणि ती उतरल्यावर गप्पच बसली. तंबू रिकामा झाला, झाडूवाला झाडून गेला, बँडवाले बिड्या ओढून परत आले, तरी आबा तसेच पाय वर करून पडलेले. रागावले नाहीत, हाक मारली नाही. शेवटी मनूलाच रडू फुटलं आणि रडत रडत ती म्हणाली, "उतारलो की." तेव्हा कुठे त्यांनी पाय ठेवले आणि तिला जवळ घेतलं. पाय थरथरत होते त्यांचे. मनू बारा वर्षांची झाली तेव्हा आईनं तिची ट्रंक भरली. पुण्याला मावशीकडे, शाळेला. "आबाला सांगू नगंस, सांगितलंस तर न्हाई जाऊ द्यायचा," आई म्हणाली. मनूनं जाता जाता कनातीच्या फटीतून पाहिलं. आबा सरावाच्या गादीवर पडले होते, पाय वर, पायांवर रिकामं पिंप. बस लागली होती. ती गेली.

पुण्यात मावशीनं आणि पुढे सासूबाईंनी तिची जीभ घासूनपुसून लख्ख केली. उतारलो नाही, उतरले. न्हाई नाही, नाही. आणि तो हाय तर आधी काढून टाक बाई, आहे म्हण, आहे. चारचौघांत तोंडातून एखादा हाय निसटला की नणंदा एकमेकींकडे बघायच्या, आणि मनोरमाला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. कानाला खडा लावला तिनं. इतकी शुद्ध बोलायला लागली की गावाकडं फोन केला तर तिचा धाकटा भाऊ उत्तम म्हणायचा, "आक्का, तुझा फोन आला की बँकेतनं आल्यागत वाटतंय." ती हसायची. आतून तिला बरंच वाटायचं, खोटं कशाला बोला. नवरा गेला, मुग्धा इकडे आली, मग वर्षातले काही महिने मनोरमाही इकडे, मोहम्मद बिन झायद सिटीतल्या चौथ्या मजल्यावर, नातीला शाळेच्या बसपाशी सोडायला आणि आणायला. तिकडे गावी आई वारली आणि आबांनी हाय खाल्ली. अंथरूण धरलं ते धरलंच. माणसं ओळखेनात. आणि मग ते पायांचं सुरू झालं. उताणे पडून दोन्ही पाय वर घ्यायचे, तळवे आढ्याकडे, आणि तसेच धरून ठेवायचे. उत्तम आणि त्याची बायको हातानं खाली करायचे, पाय पुन्हा वर. पाठीला जखमा झाल्या. डॉक्टर म्हणाला, शिरा आखडल्यात. मनोरमानं इथून हवेची गादी पाठवली, कसलं कसलं तेल पाठवलं. परवाच उत्तम म्हणाला होता, "आता सोमवारी पायांना वाळूच्या पिशव्या बांधायच्या म्हणतोय डॉक्टर. वजनानं पाय खाली येतील." मनोरमा म्हणाली होती, "डॉक्टर सांगतात तसं कर."

दर रविवारी बोटिमवर व्हिडिओ कॉल. उत्तम फोन आबांच्या तोंडासमोर धरायचा. आबा त्याच्या पलीकडे, वर कुठेतरी बघत आणि विचारत, "हाय?" पहिल्यांदा ते असं म्हणाले तेव्हा मुग्धा केवढी खूश झाली होती. "आई बघ, आबा हाय म्हणाले. सो क्यूट." अवनी पडद्यासमोर नाचत नाचत "हाय पणजोबा" करायची, अंकुर ऑफिसचा लॅपटॉप बाजूला ठेवून हात हलवायचा, आणि मनोरमाही हलवायची. "हाय, आबा." आबा पुन्हा विचारायचे. पुन्हा सगळे हाय करायचे. दोन वर्षं हे असं चाललं होतं. एकदा, एकदाच, तिसऱ्यांदा की चौथ्यांदा आबांनी विचारलं तेव्हा तिच्या आत कुठेतरी काहीतरी हललं होतं, पण तेवढ्यात कुकरची शिट्टी झाली आणि ती गॅस बारीक करायला उठली. परत आली तोवर उत्तम म्हणत होता, "दमलं बघा, ठेवतो आता."

स्टेजवर पिंप आता उतरवून ठेवलं होतं आणि काळ्या सुटातला एक हसरा निवेदक इंग्रजीत माहिती देत होता. दीडशे वर्षांपूर्वी जपानची दारं उघडली, पहिल्या टोळ्या बोटीनं अमेरिकेला गेल्या, तिथून युरोपला. आईबापांबरोबर अशी लहान लहान पोरं. मग त्यानं एक गंमत सांगितली. खरी की खोटी ते त्याचं त्याला ठाऊक. जपानी भाषेत हाय म्हणजे हो. बाप खालून विचारायचा, तयार आहेस का, आणि पोर वरून म्हणायचं, हाय. आणि समोर बसलेल्या गोऱ्या मंडळींना वाटायचं की पोर आपल्यालाच हाय करतंय. मग तेही टोप्या काढून, रुमाल हलवून "हाय, हाय" करायचे. इकडे बाप बिचारा एवढ्या गलक्यात आपल्या पोराचं हाय कुठलं, हे कान देऊन शोधत असायचा. हॉल खदखदून हसला. पुढच्या रांगेतल्या गोऱ्या आजोबानं पुन्हा वळून मनोरमाला डोळा मारला.

मनोरमाच्या मनात आधी आलं ते भलतंच, शब्दाबद्दलचं. म्हणजे तो शब्द गावठी नव्हताच तर. घरात मीठ हाय, आई हाय, तसाच हाही आपला हाय, असं पोरवयात वाटायचं. एवढं रंगवून जपानी केलं तरी एक शब्द आपला ठेवलाय, याचा तेव्हा अभिमानसुद्धा वाटायचा. तो आला होता जपानी मास्तरच्या तोंडून, समुद्र ओलांडून, आणि तासगावच्या मातीत त्याला जुळा भाऊ भेटला म्हणून बिनबोभाट राहून गेला. कुणाकुणाच्या तोंडचा शब्द, आणि आपण नणंदांच्या भीतीनं तो जिभेवरून खरवडून काढला. पण हे वाटणं क्षणभरच टिकलं, कारण त्याच्यामागून दुसरं आलं आणि त्यानं हे पार झाकून टाकलं. रुमाल हलवणारे ते लोक तिनं पाहिले होते. ते तिच्याच घरात सोफ्यावर बसायचे, दर रविवारी. अवनी, मुग्धा, अंकुर, आणि मधोमध ती स्वतः, हसत, हात हलवत. आणि आबा तिकडे पाठीला जखमा घेऊन, पाय वर धरून, कान देऊन पडलेले. शिरा आखडल्या नव्हत्या त्यांच्या. त्यांच्या पायांवर पोरगी होती. आणि सोमवारी त्या पायांना वाळू बांधणार होते. वजन आलं की ते आणखी नेट लावणार, हे त्या डॉक्टरला कोण सांगणार? मरेपर्यंत लावतील.

ती उठली. "मला उत्तमला फोन लावायचाय."

"आई, उद्या संडे आहे ना, उद्या करूच की. शो संपू दे."

"नाही. आत्ता."

मुग्धानं आईचा चेहरा पाहिला आणि पर्स उचलली. बाहेर पार्किंगमध्ये ऊन कलतं झालं होतं, पण गाडीचं दार हाताला चटका देत होतं. मुग्धानं एसी लावला, अवनीला मागे बसवलं. अवनी फुरंगटून म्हणाली, "मम्मा, वी मिस्ड द लास्ट पार्ट." मुग्धा म्हणाली, "खलास, अवनी. आजीला बरं नाहीये." मनोरमाला बरं होतं. फक्त फोनवरचं उत्तमचं नाव तिला सापडत नव्हतं. बोट भलतीकडेच जात होतं. शेवटी मुग्धानंच लावून दिला.

"आक्का? आज शनवार न्हवं?" उत्तमच्या मागे कुठेतरी म्हैस ओरडत होती.

"आबांच्या कानाशी धर फोन. तोंडासमोर नको, कानाशी. चित्र राहू दे."

"झोपल्यात का जागं, काय कळंना गेलंय बघ."

"पाय?"

"वरच. ते कुठं जात्यात?"

थोडा वेळ नुसताच श्वास ऐकू आला. कानाशी आलेला, जड, मधूनच अडखळणारा. तिनं फोन दोन्ही हातांनी धरला होता. मग तो आवाज आला, पार खोलातून. "हाय?"

मागच्या सीटवरून अवनी सवयीनं म्हणायला लागली, "हाय पण..." मनोरमानं न वळताच हात वर केला, आणि पोर गप्प झाली. तिच्या जिभेवर "आहे" येऊन बसला होता, घासलेला, लख्ख, पन्नासेक वर्षांच्या सवयीचा. तो तिनं गिळला. घशातून जे आलं ते तिचं तिलाच ओळखू आलं नाही, इतकं ते बारीक आणि लांबचं होतं.

"हाय."

पलीकडे काही पडल्याचा आवाज झाला. मग उत्तम, दबक्या आवाजात. "आक्का, ह्यांनी पाय सरळ केलं गं. वरच हाईत, पण सरळ. खांबागत. थरथर थांबली बघ. काय सांगितलंस काय तू?"

आता फक्त एक शब्द राहिला होता. तो म्हटला की झालं. ते पाय खाली ठेवणार, पाठ टेकणार, दोन वर्षांत पहिल्यांदा. हे सगळं तिला स्वच्छ दिसत होतं आणि तरी तिचं तोंड उघडेना. कारण ती आत बसली होती. पिंपात. लाकडाचा ओला वास, गुडघ्यांवर टेकवलेली हनुवटी, आणि खालून तळव्यांची ऊब येत नसूनही आल्यासारखी. आपल्याला असं पेलून धरणारं कुणी या जगात अजून आहे, हे तिला आत्ता कळत होतं. नवरा चांगला होता, पण त्यानं तिला पेललं नव्हतं, सांभाळलं होतं. लेकीच्या घरी ती पाहुणी होती, कितीही नाही म्हटलं तरी. आणि तिकडे कुणीतरी म्हातारा, स्वतःचं नावसुद्धा विसरलेला, तिचं वजन विसरला नव्हता. थोडं थांबू, तिला वाटलं. एकच गिरकी. एवढं काय बिघडणार आहे?

"आक्का," उत्तम म्हणाला, "घाम सुटलाय त्यांना. तोंड लाल झालंय."

"आबा," ती म्हणाली, "उतरले मी."

काही झालं नाही. श्वास तसाच जड.

"आबा, उतरले. ठेवा पाय आता."

"हालंना गेलेत," उत्तम म्हणाला.

मुग्धा स्टिअरिंगवर हात ठेवून आईकडे बघत होती. तिनं आईला असं कधी पाहिलं नव्हतं. केस सुटलेले, मान खाली, जणू कुणाच्या कानाशी वाकली आहे. मनोरमानं डोळे मिटले. "आबा," ती म्हणाली, "उतारलो. आबा, उतारलो की."

मग तिकडून आवाज आला तो उत्तमचा, आणि तो रडत होता. एवढा बाप्या माणूस, हमसून हमसून. "टेकवलं गं. एक टेकवला, मग दुसरा. झोपलं, आक्का. झोपलं बघ." मनोरमानं फोन मांडीवर ठेवला. तिला हायसं वाटायला हवं होतं. वाटत होतं ते एवढंच, की दोन वर्षं. दोन वर्षं आपण हात हलवत बसलो.

गाडी मुसफ्फाच्या पुलापर्यंत आली. मग मागून अवनीनं विचारलं, "आजी, डिड पणजोबा से हाय टू यू?"

"हाय करत नव्हते गं ते. विचारत होते."

"आस्किंग व्हॉट?"

"मी हाय का, म्हणून."

मुग्धानं एकदा आईकडे पाहिलं. "आहे"च्या जागी "हाय" तिनं आईच्या तोंडी आयुष्यात पहिल्यांदा ऐकला होता. सिग्नल सुटला तशी तिनं गाडी पुढे घेतली.

दुसऱ्या दिवशी रविवार. ठरल्याप्रमाणे कॉल लागला. उत्तम खुशीत होता. रात्रभर पाय जाग्यावर होते, पाठ कोरडी पडायला लागली होती, वाळूच्या पिशव्यांना त्यानं नको म्हणून कळवलं होतं. त्यानं फोन आबांसमोर धरला. पांघरूण सपाट होतं, पायांपर्यंत. आबा आढ्याकडे बघत होते, पण आता तिथे काही शोधत नव्हते. अवनी म्हणाली, "हाय पणजोबा." अंकुरनं हात हलवला. आबा काही बोलले नाहीत. मनोरमानं फोन स्वतःकडे घेतला आणि वाट पाहिली. त्यांचे ओठ एकदा हलले, कोरडे पडले होते म्हणून, तेवढंच. विचारण्यासारखं त्यांच्याजवळ काही राहिलंच नव्हतं. पोरगी उतरली होती, सुखरूप, तिनं स्वतःच्या तोंडानं सांगितलं होतं. आता ती कुठे का जाईना.

"किती शांत दिसतात ना आबा," मुग्धा म्हणाली. सगळ्यांचाच जीव भांड्यात पडला होता. अंकुर चहा टाकायला उठला. उत्तम म्हणाला, "ठेवू आक्का? झोपू दे त्यांना."

"थांब," मनोरमा म्हणाली. ती फोनवर वाकली, अगदी जवळ, जिथे त्यांचा कान असेल अशा बेतानं.

"हाय," ती म्हणाली. "आबा, मी हाय."

कुणी विचारलं नव्हतं.